ग्वाल्हेरला वाळूच्या संशयावरून धरलेला डंपर सोडवायचा कसा?

तुमच्या मेहुण्याचा डंपर डबरा गावाजवळ वाळूसकट धरलाय, वाळूची रॉयल्टी भरलेली होती म्हणता, पोलीस थान्यात सांगतात कोर्टात जा आणि वकील सांगतो कलेक्टरकडे जा. दोघंही खोटं बोलत नसतील. आधी जब्तीचा पंचनामा हातात घ्या आणि खाली शिक्का कुणाचा आहे ते बघा. खनिज, पोलीस की वन? आमच्याकडे वाळूची गाडी तिघांपैकी कुणीही धरतं आणि प्रत्येकाचं दार वेगळं. मी चुकीच्या दारात दोन महिने बसून हे शिकलोय.

मी ग्वाल्हेरच्या लष्कर भागातला, वडिलांपासून गिट्टी-वाळूचा पुरवठा आहे आमचा. एका डिसेंबरात आमची गाडी सिंध नदीच्या घाटावरून निघाली, ई-टीपी म्हणजे वाहतुकीचा ऑनलाइन पास कापलेला होता. वाटेत मागचं टायर गेलं. स्टेपनी चढवेपर्यंत पासची वेळ टळून चाळीस मिनिटं झाली, आणि नेमकी पुढच्या तिठ्यावर तपासणी. ई-टीपीवर गाडीचा नंबर, किती घनमीटर, कुठून कुठं आणि किती वाजेपर्यंत, सगळं छापलेलं असतं. वेळ टळली की पास असून नसल्यासारखा. म्हणून ‘रॉयल्टी होती’ एवढ्यावर जाऊ नका, ती किती वाजेपर्यंतची होती ते विचारा. मापही बघा. आमच्या गाडीला टेप लावली तेव्हा ढिगाची उंची बरोबर मधोमध धरली, जिथं ती सगळ्यात जास्त असते. ओली वाळू, कडेला उतार, पण गुणाकार मधल्या आकड्यानं. ड्रायव्हरनं न वाचता सही ठोकली.

खनिजवाल्यांनी धरली असेल तर प्रकरण कलेक्टरसमोर चालतं. मध्य प्रदेशात अवैध उत्खनन आणि परिवहनासाठी २०२२ चे वेगळे नियम आहेत. दंड आणि पर्यावरणाची भरपाई भरून तिथं तडजोड होते, इथल्या भाषेत प्रशमन. माझं मत विचाराल तर पास धड असेल तर लढा, नसेल तर भरून मोकळे व्हा, कारण उभ्या गाडीचा हप्ता काही थांबत नाही. पण भरलं म्हणजे सुटलो असं धरू नका. उज्जैनकडच्या काही गाड्यांचं असंच प्रशमन झालं होतं आणि नंतर मॅजिस्ट्रेटनं स्वतःहून गुन्हा नोंदवायला लावला. ते प्रकरण, जयंत विरुद्ध मध्य प्रदेश, सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं. डिसेंबर २०२० मध्ये कोर्टानं सांगितलं की प्रशमनानं खनिज कायद्याखालचा गुन्हा मिटतो, चोरीचा मिटत नाही. नदीतली वाळू सरकारची, विनापरवाना उचलली की ती चोरी.

पोलिसांनी चोरीचं कलम लावून धरली असेल तर मॅजिस्ट्रेटकडे सुपुर्दगीचा, म्हणजे गाडी ताब्यात परत मागायचा अर्ज. जुन्या वकिलांच्या तोंडी अजून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं ४५१ आणि ४५७ असतं. १ जुलै २०२४ पासून नव्या संहितेत ती कलमं ४९७ आणि ५०३ झाली. अर्जात सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात, २००२, याचा उल्लेख वकील करेलच. जप्त गाड्या थान्याच्या आवारात सडवत ठेवू नका, फोटो आणि पंचनामा करून बाँडवर मालकाला द्या, असं त्यात आहे. आमची गाडी मी चौथ्या महिन्यात बघितली तेव्हा वाळूवर हरळी उगवली होती, चासीखाली कुत्री व्यालेली, आणि डिझेलच्या टाकीचं झाकण गायब. टाकीत काय उरलं असेल ते सांगायला नको. मी तेवढे चार फोटो काढून अर्जाला जोडले.

इथं बऱ्याच जणांचं घोडं अडतं ते नावावर. अर्ज नोंदणीपुस्तकावरच्या मालकानंच करायचा. आमच्याकडे निम्म्या गाड्या सह्या केलेल्या फॉर्मवर हातोहात विकलेल्या असतात, मूळ मालक भिंडला नाहीतर दतियाला, फोन उचलत नाही. मेहुण्यानं गाडी नावावर करून घेतली आहे ना? फायनान्सवाल्यांनाही आधीच कळवा, नाहीतर तेही आपला अर्ज घेऊन येतात.

वन विभागाचा शिक्का असेल तर मात्र मामला गंभीर. चंबळची वाळू म्हणजे घडियाल मगरींचं अभयारण्य, आणि त्या पट्ट्यात २०१२ साली नरेंद्र कुमार हे तरुण पोलीस अधिकारी दगड भरलेल्या ट्रॅक्टरखाली मारले गेले. तेव्हापासून कुणी सहज ऐकून घेत नाही. राजसातची, म्हणजे गाडी सरकारजमा करायची कारवाई सुरू झाल्याची सूचना एकदा मॅजिस्ट्रेटकडे पोचली की गाडी सोडायचा त्याचा अधिकारच संपतो. मार्च २०१९ च्या मध्य प्रदेश विरुद्ध उदय सिंह निकालात सुप्रीम कोर्टानं हेच ठरवलं. आमच्या ग्वाल्हेर खंडपीठानं सोडलेल्या ट्रॅक्टरचंच ते प्रकरण. मग वन अधिकाऱ्यासमोरच जबाब द्यायचा, पुढं अपील वन संरक्षकाकडे, त्यानंतर सेशन कोर्ट. तिथं मालकाला एकच गोष्ट दाखवायची असते: हे माझ्या नकळत झालं आणि मी शक्य ती खबरदारी घेतली होती. नुसतं ‘ड्रायव्हरनं केलं’ चालत नाही. त्याला दिलेल्या सूचना, जीपीएसचा रेकॉर्ड, भाड्याचा करार, जे असेल ते काढा.

पंचनाम्याचा फोटो इथं टाकलात तर बघतो. नावं आणि नंबर झाका, फक्त शिक्का, कलमं आणि तारीख दिसू द्या. आणि थान्यात गेलात की बॅटरी काढून घरी न्यायची लेखी परवानगी मागा, आमची तिसऱ्या आठवड्यातच गेली होती.