‘सोशलाइट’ बायका दिवसभर नेमकं करतात तरी काय?

तुम्ही लिहिलंय की तुमचं लग्न ठरलंय, मुलाचं आजोळ नाटकवाल्यांचं, मामा सिनेमात, आणि होणाऱ्या सासूबाई गावात ‘सोशलाइट’ म्हणून ओळखल्या जातात. अशा बायका दिवसभर करतात काय आणि त्या घरात तुमचा निभाव लागेल का, हा प्रश्न. माझ्याआधी तिघांनी उत्तरं दिलीत. एक म्हणतो पार्ट्या, दुसरी म्हणते किटी, आणि तिसऱ्यानं नुसता दात काढलेला चेहरा टाकलाय. त्या चेहऱ्यामुळे मी लिहायला बसले.

मी बडोद्याची. आमच्याकडे हा शब्द यायच्या कितीतरी आधी अशी बाई राजवाड्यातूनच निघाली होती. इंदिराराजे, सयाजीराव महाराजांच्या कन्या. ग्वाल्हेरच्या शिंद्यांशी ठरलेलं लग्न त्यांनी १९११ साली स्वतः पत्र लिहून मोडलं आणि १९१३ साली लंडनमध्ये कूचबिहारच्या जितेंद्र नारायणांशी लग्न केलं. त्यांनी शिफॉनच्या साडीला प्रतिष्ठा दिली, इटलीच्या फेरागामो या चपला-बूट करणाऱ्याकडून चपलांचे शंभरावर जोड करून घेतले, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत असतं. पण १९२२ साली नवरा गेला तेव्हा मुलगा ७ वर्षांचा होता, आणि तो सज्ञान होईपर्यंत संस्थानचा कारभार या बाईनं पाहिला, हे विचारा कुणाला. चपला तेवढ्या लक्षात राहतात. सिनेमाचं नातं हवं असेल तर तेही आहे. त्यांची मुलगी इलादेवी त्रिपुराच्या राजघराण्यात दिली, इलादेवींच्या मुलाशी अभिनेत्री सुचित्रा सेन यांच्या मुलीचं, मूनमून सेन यांचं, लग्न झालं. म्हणजे सुचित्रा सेन यांच्या नाती रायमा आणि रिया या आमच्या इंदिराराजेंच्या पणत्या लागतात.

नाट्यदिग्दर्शिका विजया मेहतांचा जन्मही बडोद्याचाच, १९३४ चा. त्या अभिनेत्री दुर्गाबाई खोट्यांच्या सून झाल्या. सिनेमातले शुभा खोटे आणि विजू खोटे ही दुर्गाबाईंच्या दिराची मुलं. अशी गोतावळ्याची घराणी आपण बोटांवर मोजतो ती पोस्टरवर नाव असलेल्यांची. नाव नसलेली एक बाई अशा प्रत्येक घरात असतेच, आणि तिच्याकडे सगळ्यांचे पत्ते असतात.

आमच्या घरात ती माझी मोठी काकू.

तिचे वडील फिरत्या नाटक कंपनीत ऑर्गन वाजवायचे आणि भाऊ मुंबईला स्टुडिओत सेट लावायचा. आमचं घर म्हणजे दांडिया बजारातलं कारकुनांचं घर, रात्री साडेनऊला दिवे बंद. तिथे ही आली आणि दुसऱ्या वर्षापासून मुंबई-पुण्याचं कुठलंही नाटक बडोद्यात आलं की निम्मी कंपनी आमच्या माडीवर. दिवाळीत व्यापारी चोपडापूजन करतात ना, तसला लाल कापडी पुठ्ठ्याचा चोपडा ती दर दिवाळीला मंगळ बजारातून आणायची. आत जमाखर्च नाही. एकेका माणसाला एकेक पान. मी चोरून वाचलेलं एक पान अजून डोळ्यांसमोर आहे: ‘वांगं नको. दुसऱ्या अंकाआधी गरम पाणी, मीठ घालून. आईच्या गुडघ्यांची चौकशी करणे. बायकोची करू नये.’

आता १९८१ चा डिसेंबर. मी सोळा वर्षांची. गांधी नगरगृहात मुंबईच्या एका कंपनीचा प्रयोग, थिएटर हाउसफुल. साडेनऊचा प्रयोग आणि सातच्या सुमारास कळलं की ठेकेदार दुपारच्या बुकिंगची रक्कम घेऊन पसार झालाय. कंपनीला ४,००० रुपये द्यायचे बाकी होते. (त्याचं नाव लिहीत नाही. नातवंडं गावातच आहेत आणि ती चांगली आहेत.) नाटकाचे नायक मेकअपच्या खुर्चीत बसलेले, टॉवेल गळ्याला बांधलेला, पण तोंडाला रंग लावायला तयार नाहीत. ‘आधी माझी नाइट टेबलावर ठेवा.’ नाइट म्हणजे त्या प्रयोगाचे पैसे. त्यांचं चुकत होतं असं मी म्हणणार नाही. त्याआधी दोन गावांत त्यांना असंच बुडवलं होतं.

काकूनं एका शब्दानंही पैशांचा विषय काढला नाही. स्टूल ओढून त्यांच्याशेजारी बसली आणि आईचे गुडघे कसे आहेत विचारलं. मग आपल्या वडिलांची गोष्ट काढली: कंपनी बुडाली तेव्हा ऑर्गन कसा गहाण पडला, आणि सोडवायला कोण आलं. ते कोण, हे मात्र तिनं सांगितलं नाही. बोलता बोलता नाटकाच्या जाहिरातीचे तीन कागद उलटे करून तिनं मागे चिठ्ठ्या लिहिल्या आणि पाठीमागून माझ्या हातात सरकवल्या. तिन्हींवर मजकूर एकच, आकडा तेवढा एकीवर वेगळा: ‘हिच्याबरोबर दीड हजार द्या. कशाला ते नंतर सांगते.’ खाली सही नाही. अक्षर पुरेसं होतं.

मी सायकल काढली. रावपुऱ्यातले डॉक्टर पेशंट तपासत होते. त्यांनी चिठ्ठी वाचली आणि कंपाउंडरला खूण केली. मंगळ बजारातला साडीवाला शटर ओढत होता. मी काही बोलायच्या आत म्हणाला, ‘बेननी चिठ्ठी छे ने, पछी शुं पूछवानुं?’ आणि गल्ल्यातून पंधरा नोटा मोजून दिल्या. तिसरं घर एका निवृत्त न्यायाधीशांच्या विधवेचं, तिथे आकडा हजाराचा. त्यांनी मला पाण्याचा पेला दिला, नोटा पिठाच्या डब्यातून काढल्या आणि म्हणाल्या, ‘पीठ झटक गं, नाहीतर वाटेल चोरून आणल्या.’ नोटा फ्रॉकच्या खिशात, खिसा डाव्या हातात घट्ट धरलेला आणि हँडल उजव्या हातात, अशी मी ज्युबिली बागेपर्यंत आले. सव्वाआठला नायकांनी रंग लावायला घेतला. तिसरी घंटा फक्त वीस मिनिटं उशिरा झाली आणि प्रेक्षकांना कधी काही कळलं नाही.

विचारा स्वतःला, हे काम आहे की नाही? तासाभरात, तारण नाही, पावती नाही, ४,००० रुपये. आमच्या काकांना बँकेनं एवढं कर्ज द्यायला तीन महिने लावले असते. ती दुपारी चहाला बोलवायची, लग्नामुंजीत मिरवायची, पहिल्या रांगेतल्या खुर्च्या कुणाला कुठली यावरून डोकं खपवायची, ते या एका तासासाठी. म्हणजे तिलाही हे ठाऊक होतं असं नाही. तिला मिरवायला आवडायचंच. डॉक्टरांनी आणि न्यायाधीणबाईंनी नंतर पैसे परत घेतले नाहीत. साडीवाल्यानं घेतले, आणि वर चार वर्षं आमच्याकडच्या प्रत्येक पाहुण्याला साडी त्याच्याकडूनच घ्यायला लागली. त्यालाच मी व्यवहार म्हणते.

तर आता मूळ दुखणं. बारा वर्षांपूर्वी आमच्या घराण्याचा कुलवृत्तांत निघाला. बडोदा शाखेचे फॉर्म भरायचं काम माझ्याकडे आलं, कारण गावात उरलेली मीच. रकाने ठरलेले: जन्म, शिक्षण, व्यवसाय, विशेष. काकूच्या ‘विशेष’मध्ये मी ही सगळी हकिकत सहा ओळींत लिहिली. तिचा मुलगा, आमचा दादा, समितीवर. छापून आलं ते असं: ‘गृहिणी. सुगरण.’ आणि आमच्या एका चुलत आजोबांच्या नावापुढे ते पत्ते उत्तम खेळत याच्या तीन ओळी.

सुगरण! अहो, तिला साधं वरण फोडणीला घालता येत नव्हतं. माडीवरची जेवणं शेजारच्या खानावळीतून यायची, चिवडा बाहेरून यायचा, आणि पानं मी आणि आई वाढायचो. इतकी माणसं जेवून गेली म्हणजे बाईनं रांधलंच असणार, याच्यापुढे समितीची मजल गेली नाही. दादाला फोन केला तर म्हणाला, ‘मग काय लिहू? लोकांना फोन करायची, असं लिहू?’ हो, लिही. काका हिशेबनीस होते म्हणून लिहिलंस ना? तेही दिवसभर दुसऱ्यांचेच पैसे मोजत होते.

तुमच्या निभावाचं सांगते. पहिल्याच आठवड्यात ‘मी काय मदत करू?’ म्हणून मागे लागू नका. चिठ्ठी देऊन कुठे पाठवलं तर मात्र जा, आणि कशाला म्हणून विचारू नका. फोन-नंबरांची वही असेल तर तिची एक प्रत करून ठेवा. काकू गेल्यावर चोपडे दादानं रद्दीत दिले. एकोणीस होते. रद्दीवाल्यानं किलोचा भाव दिला आणि पुठ्ठ्यांचं वजन कापून घेतलं. तुमच्या घरात कुणी असं करायला निघालं तर आडव्या पडा. स्वतःची नोकरी सोडू नका, हे आधीच लिहायला हवं होतं. काकूचा सगळा थाट काकांच्या पगारावर चालला होता आणि काकांना तीस वर्षांत एक धड कोट शिवता आला नाही.

आणि दादाची बाजू मी लपवणार नाही. दहावीच्या गणिताच्या पेपरच्या आदल्या रात्री तो जिन्यात बसून अभ्यास करत होता, कारण त्याच्या खोलीत मेकअपमन घोरत होता. काकूच्या चोपड्यात पाचशे माणसांची पानं होती, त्याचं नव्हतं. मी सगळे चाळले होते. माझ्या आईकडेही ती सणाला यायची ती घड्याळाकडे बघत. अशा बायकांच्या घरच्यांना उरलंसुरलं मिळतं, त्याची तयारी ठेवा. सगळ्याच तशा असतात असं नाही. मी एकच जवळून पाहिली.

कुलवृत्तांताची पुरवणी यंदा निघतेय. फॉर्म परत माझ्याकडेच आलेत. या वेळी ‘विशेष’ला चाळीस शब्दांची मर्यादा घातली आहे, कुणामुळे ते मला कळतं. दादा, वाचत असशील तर सांगते, मी अडतीस शब्दांत बसवलंय. चिठ्ठ्या आहेत, सायकल आहे, नोटांना लागलेलं पीठसुद्धा आहे. शेवटचे दोन शब्द तुझ्यासाठी मोकळे ठेवलेत. सुगरण सोडून काहीही घाल.