१९११ सालच्या 'लिटल निमो' या कार्टून फिल्ममधलं गवताचा घागरा घातलेलं ते काळं पात्र कोण? मुलांना ही फिल्म दाखवावी का?

त्याचं नाव इम्पी. ही फिल्म करणारा अमेरिकन व्यंगचित्रकार विन्सर मॅके १९०५ पासून 'न्यूयॉर्क हेराल्ड' या वर्तमानपत्रात निमो नावाच्या मुलाची चित्रकथा काढायचा, तिथूनच इम्पी फिल्ममध्ये आला. जाड ओठ, गवताचा घागरा, 'जंगली' ध्यान: हा साचा मॅकेचा स्वतःचा नाही. गोरे नट तोंडाला काजळी फासून काळ्या लोकांची टर उडवायचे, ते मिन्स्ट्रेल शो एकोणिसाव्या शतकापासून अमेरिकेत तुफान चालत होते. वर्तमानपत्रांतली व्यंगचित्रंही तेच गिरवत होती. म्हणजे तेव्हाच्या प्रेक्षकाला यात काही खटकलंही नसेल, आणि खरं तर तेच जास्त खटकतं.

बाकी कारागिरी मात्र थक्क करणारी. सुमारे ४००० चित्रं, सगळी हाताने काढलेली. गोष्ट अशी काहीच नाही. चित्रकथेतलंच आणखी एक पात्र फ्लिप आणि इम्पी जत्रेतल्या वेड्यावाकड्या आरशात दिसावेत तसे लांबतात, आखडतात. निमो रेघा ओढत राजकन्या घडवतो. शेवटाकडे हिरव्या ड्रॅगनच्या जबड्यातल्या सिंहासनावर बसून दोघं निघून जातात. रंगसुद्धा फिल्मवर हातानेच भरलेत! २००९ मध्ये ही फिल्म अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत, म्हणजे जपून ठेवायच्या फिल्म्सच्या यादीत गेली.

मी तरी दाखवेन, पण आठ-दहा वर्षांच्या पुढच्या मुलांना, आणि शेजारी बसून. सुरुवातीला मॅके स्वतः पडद्यावर येऊन चित्रं हलवून दाखवायची मित्रांशी पैज लावतो तो भाग लांबलाय, तो पुढे पळवला तरी चालेल. इम्पी आला की थांबवा आणि विचारा, "याला असं का काढलं असेल?"