कॅमेरा भाड्याने मिळतो

प्रिय,

तू पाठवलेली शोरील, म्हणजे छायालेखक म्हणून केलेल्या कामाच्या निवडक तुकड्यांची चित्रफीत, पाहिली. ड्रोन आहे, स्लो मोशन आहे, निळ्या रात्री आहेत; पण एकही चेहरा नीट बघायला मिळाला नाही. गाण्यावर कापलेल्या तुकड्यांवरून दिग्दर्शकाला तुझा अंदाज येणार नाही. एक अख्खा प्रसंग दाखव. दोन माणसं, एक खोली. मास्टरपासून (अख्खा प्रसंग दाखवणाऱ्या शॉटपासून) चेहऱ्याच्या क्लोजपर्यंत उजेड जुळतोय की नाही, ते त्यातच कळतं.

कर्ज काढून कॅमेरा घ्यायचं मनात आहे, असं लिहिलंयस. कृपा करून घेऊ नकोस. कॅमेरा भाड्याने मिळतो. हप्त्यांपायी मात्र येईल ते काम घ्यावं लागतं आणि शिकायची वर्षं त्यातच जातात. त्यापेक्षा चांगल्या डीओपीकडे, म्हणजे मुख्य छायालेखकाकडे, असिस्टंट म्हणून राहा, आणि मॉनिटरपेक्षा गॅफरच्या, म्हणजे दिव्यांच्या प्रमुखाच्या, जवळ जास्त उभं राहा.

१९५६च्या ‘अपराजितो’ या चित्रपटासाठी बनारसच्या घराचा चौक स्टुडिओत उभा केला होता. आकाशातून झिरपणारा उजेड तिथे आणायचा कसा? छायालेखक सुब्रत मित्रांनी चौकावर पांढरं कापड ताणलं आणि खालून दिवे त्यावर मारले. परतून आलेल्या त्या मऊ उजेडात सेटचा सेटपणा निघून गेला. १९५९च्या ‘कागज के फूल’मध्ये व्ही. के. मूर्तींनी चक्क आरशांनी ऊन स्टुडिओत आणून तो प्रसिद्ध झोत पाडला. याच मूर्तींना पुढे फाळके पुरस्कार मिळाला. कापड आणि आरसे! मला या दोन गोष्टी पुन्हा पुन्हा सांगाव्याशा वाटतात.

तुझा कस लागेल तो मे महिन्यातल्या दुपारी. ऊन डोक्यावर, नटाच्या डोळ्यांच्या खोबणीत काळोख, आणि शिफ्ट तर थांबत नाही. वर कापडाची मोठी फ्रेम धर, खालून थर्माकोलने थोडा उजेड डोळ्यांत दे. जमत असेल तर दिग्दर्शकाशी बोलून प्रसंग ओसरीत घे. सावळा चेहरा असेल तर त्याच्यावर नुसता उजेड ओतू नकोस. बाजूने मोठा, मऊ सोर्स ठेव. गालाच्या हाडावर जी चकाकी येते, तिच्यातून चेहरा घडतो. डीआयला, म्हणजे शूटिंगनंतर चित्राचे रंग आणि उजेड ठरवायला (ग्रेडिंगला), बसल्यावर कुणी ‘जरा उजळ करा’ म्हणालं, तर त्या माणसाचा रंग राखण्यासाठी भांड.

लाइटमन मंडळींना नावाने हाक मार. लोखंडी स्टँड आणि जड दिवे तेच चढवतात. चौथ्या मजल्यावर दिवा चढवून झाल्यावर ‘नको, खाली घ्या’ म्हणायची वेळ येऊ नये, म्हणून रेकी, म्हणजे जागेची आधीची पाहणी, नीट कर आणि खिडकीत ऊन किती वाजता येतं ते लिहून ठेव.

आता तुला मिळू घातलेल्या त्या पहिल्या चित्रपटाबद्दल. तोंडी बोलण्यावर जाऊ नकोस. पैसे कोणत्या टप्प्यावर मिळणार, जादा शिफ्टचं काय आणि डीआयला तू बसणार की नाही, हे तिन्ही करारात हवं. शूटिंग संपलं की डीओपीला न विचारताच ग्रेडिंग उरकून टाकतात, आणि पडद्यावर नाव तर तुझंच असतं. मसुदा आला की सही करण्याआधी मला पाठव. सोबत पटकथाही पाठव, आधी तीच वाचेन.

तुझा,
दादा