धावचीत की धावबाद?

प्रश्न असा आहे: 'बातम्यांत रनआउटला कधी धावचीत म्हणतात, कधी धावबाद. बरोबर कोणतं? आणि पळणारा माणूस चीत कसा होईल?'

धावचीत. 'धावबाद' हल्ली सारखा कानावर आदळतो आणि दर वेळी चिडचिड होते. आता तर 'झेलचीत'ही ऐकू यायला लागलंय! चीत आणि बाद हे वाटेल तिथे डकवायचे तुकडे नाहीत. एक तालमीतून आलाय, दुसरा हिशेबाच्या वहीतून.

'बाद' मूळचा अरबी, अर्थ 'नंतर'. हिशेबात त्याचा अर्थ झाला वजा केलेलं, काढून टाकलेलं. मत बाद होतं, चलनातून नोटा बाद होतात, तसाच फलंदाज. 'बरबाद'शी त्याचं नातं जोडणाऱ्यांनी फारसी कोश उघडावा. तिथला 'बाद' म्हणजे वारा. आणि हिंदीतली 'पगबाधा' (आपलं पायचीत) ऐकून 'बाद हा बाधेचाच अपभ्रंश' असं ठोकून देणाऱ्यांनी 'नाबाद'चा अर्थ लावून दाखवावा. नाबाद म्हणजे ज्याचं खातं मिटलेलं नाही तो. ब्रॅडमनचे कसोटीतले डाव 80, धावा 6996. पण सरासरी काढताना 10 नाबाद डाव सोडून 70 नेच भागायचं, म्हणून 99.94. हा शब्द हिशेबाचाच आहे.

आता चीत. चीत म्हणजे उताणा. दोन्ही खांदे मातीला टेकले की मल्ल चीत, कुस्ती निकाली. मग क्रिकेटमध्ये उताणं कोण पडतं? माझं ठाम मत आहे, यष्ट्या, म्हणजे स्टंप! शब्द मांडून बघा: त्रिफळाचीत (बोल्ड), यष्टिचीत (स्टंपिंग), धावचीत, स्वयंचीत (हिट विकेट). चारही ठिकाणी यष्टी पडावी लागते. नियमाने यष्ट्यांवरची एक बेल, म्हणजे आडवी छोटी दांडी, पूर्ण सुटली तरी यष्टी पडलीच. 2019 च्या विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात न्यूझीलंडच्या गप्टिलची थेट फेक यष्टीवर बसली तेव्हा धोनी पळतच होता. उताणी पडायची ती यष्टी, तिच्यापायी फलंदाज चीत.

'मग पायचीत? तिथे कुठे काय पडतं?' हा आक्षेप ठरलेला. पण पायचीत देताना पंच बघतात काय? टप्पा लेगयष्टीच्या (फलंदाजाच्या पायांकडच्या यष्टीच्या) बाहेर नव्हता ना, पाय कुठे आडवा आला, आणि शेवटी, पाय नसता तर चेंडू यष्टीवर गेला असता का. पडायची होती ती यष्टीच, पायाने वाचवली. 'चीत हा नुसता बोलायला बरा वाटतो म्हणून आला' असं छातीठोक सांगणाऱ्या जाणकारांनी या पाचांची आधी संगती लावावी.

झेल घेतला तर मात्र यष्टीला कुणी हात लावत नाही. म्हणून झेलबाद. याहून गोड गोष्ट पुढे आहे. चेंडू उंच उडाला, तो हातात बसेपर्यंत फलंदाजांनी एक धाव पळून काढली, तरी झेल पूर्ण होताच ती धाव मिळत नाही. फलंदाज बाद, धावही बाद! धावचीतमध्ये तसं नाही. दुसरी धाव घेताना गडी गेला तर पहिली खात्यात राहते, फक्त अर्धवट राहिलेली जाते.

बाळ ज. पंडितांचं आकाशवाणीवरचं समालोचन ऐकून वाढलेल्या कानांना हा भेद शिकवावा लागत नाही. आज समालोचकांसमोर पडदे आहेत, आकडे आहेत, मग एवढा शब्द नीट वापरायला काय हरकत आहे?

नव्या शब्दांनाही हीच कसोटी लावा. 6 नोव्हेंबर 2023 ला दिल्लीत श्रीलंकेचा अँजेलो मॅथ्यूज वेळेत चेंडू खेळायला तयार झाला नाही म्हणून बाद ठरला. आंतरराष्ट्रीय क्रिकेटमध्ये असा पहिलाच. ना चेंडू पडला, ना यष्टी. त्याला खुशाल 'वेळबाद' म्हणा, 'वेळचीत' नको.