आडनाव एक, घराणी अनेक

प्रश्न : आमचे आडनाव कुलकर्णी आहे. शेजारच्या गावातील कुलकर्ण्यांचे गोत्र आणि कुलदैवत आमच्यापेक्षा वेगळे आहे. मग आमचे मूळ एकच असेल का?

उत्तर : तसे असण्याचे कारण नाही. कुलकर्णी हे मुळात घराण्याचे नव्हे, तर वतनाचे, म्हणजे वंशपरंपरेने चालणाऱ्या हुद्द्याचे, नाव आहे. गावाचा कारभार पाटील पाहत असे आणि जमीन कसणाऱ्या प्रत्येक कुळाकडे किती जमीन आहे, किती सारा येणे आहे व किती वसूल झाला, याचे दप्तर कुलकर्णी मोडी लिपीत लिहून ठेवत असे. परगण्याच्या, म्हणजे अनेक गावांच्या गटाच्या, पातळीवर हीच कामे देशमुख आणि देशपांडे करीत. गावोगावी असे वतनदार असल्यामुळे परस्परांशी रक्ताचे नाते नसलेली, किंबहुना भिन्न जातींची घराणीही याच नावाने ओळखली जाऊ लागली. समर्थ रामदासांचे घराणे ठोसर. पण त्यांच्या घरी जांब गावचे कुलकर्णीपद होते. कित्येक घराण्यांत मात्र असे मूळ उपनाव मागे पडले आणि हुद्दाच आडनाव होऊन बसला. तत्कालीन मुंबई राज्याने 1950च्या कायद्याने ही वतने रद्द केली, तरी आडनाव टिकले.

आपले मूळ शोधायचे असेल, तर आडनावापेक्षा वतनाचे गाव आधी निश्चित करावे. नाशिक किंवा त्र्यंबकेश्वर येथील तीर्थोपाध्यायांच्या वह्यांत यजमानांच्या पिढ्यांची नावे गावासह लिहिलेली असतात. तेथे आपल्या पूर्वजांची नोंद सापडल्यास जुने उपनावही हाती लागू शकते.