प्रवेश रद्द केला, तरी उरलेल्या तीन वर्षांची फी?

प्रश्न : माझ्या मुलीने ऑगस्ट २०२४ मध्ये बेळगावातील एका खासगी अभियांत्रिकी महाविद्यालयात मॅनेजमेंट कोट्यातून प्रवेश घेतला आणि आम्ही पहिल्या वर्षाची १,२०,००० रुपये फी भरली. सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात, वर्ग सुरू होण्यापूर्वीच, महाराष्ट्राच्या प्रवेशफेरीत सीमाभागातील उमेदवार म्हणून तिला कोल्हापुरात जागा मिळाली, म्हणून आम्ही इथला प्रवेश रद्द करण्याचा अर्ज दिला. फी तर परत मिळाली नाहीच, उलट उरलेल्या तीन वर्षांची फी भरल्याशिवाय दहावी-बारावीची मार्क्सकार्डे मिळणार नाहीत, असे सांगण्यात आले. प्रवेशाच्या वेळी कन्नडमधील एका बॉण्डवर माझी सही घेतली होती. मला कन्नड वाचता येत नाही. ग्राहक न्यायालयात जावे का?
– एक पालक, खानापूर तालुका

उत्तर : ग्राहक आयोगाकडे जाण्याची घाई करू नये. राष्ट्रीय ग्राहक आयोगाच्या विस्तारित पीठाने २० जानेवारी २०२० रोजी शिक्षणसंस्थांना ग्राहक कायद्याच्या कक्षेबाहेर ठेवले आहे (खासगी कोचिंग क्लासचे तसे नाही), त्यामुळे आपली तक्रार दाखल होतानाच अडण्याची शक्यता मोठी आहे.

खरा प्रश्न बॉण्डचा आहे. भाषा समजली नाही एवढ्यावरून सही रद्द ठरत नाही, आणि महाविद्यालयाचे वकील इस्लामिक अकॅडमी विरुद्ध कर्नाटक राज्य या २००३ च्या निकालाचा आधार घेतील, कारण विद्यार्थी मध्येच सोडून जाईल असे वाटल्यास संस्थेला उरलेल्या फीसाठी बॉण्ड किंवा बँक हमी घेता येईल, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात म्हटले आहे. मात्र त्याच निकालाने एका वेळी एकाच सेमिस्टरची किंवा वर्षाची फी घेण्याचे बंधनही घातले. शिवाय, प्रवेश रद्द करणाऱ्याकडून पुढील वर्षांची फी मागू नये आणि फी व प्रमाणपत्रे सात दिवसांत परत करावीत, असे अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेच्या नियमपुस्तिकेत आहे. भारतीय करार कायदा, १८७२, याच्या कलम ७४ नुसारही करारात लिहिलेली रक्कम आपोआप देय होत नाही. वाजवी भरपाईच मिळते. आपल्या मुलीची जागा नंतर दुसऱ्या विद्यार्थ्याने भरली असेल, तर संस्थेचे नुकसान झाले तरी किती, हा प्रश्न संस्थेलाच अडचणीत आणणारा आहे. खासगी महाविद्यालय ही माहिती आपण होऊन देणार नाही; पण महाविद्यालय विश्वेश्वरय्या तंत्रज्ञान विद्यापीठाशी संलग्न असल्यास मंजूर प्रवेशांची यादी विद्यापीठाकडे माहिती अधिकारात मागता येईल.

पहिल्या वर्षाच्या फीबाबत आपली बाजू अधिकच भक्कम आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२४-२५ च्या धोरणानुसार ३० सप्टेंबर २०२४ पर्यंत प्रवेश रद्द केल्यास पूर्ण फी, आणि त्यानंतर ३१ ऑक्टोबरपर्यंत जास्तीत जास्त १,००० रुपये कापून उरलेली फी परत करावयाची होती. आपला अर्ज सप्टेंबरच्या पहिल्याच आठवड्यातला आहे, मात्र त्यावर महाविद्यालयाचा शिक्का व तारीख असलेली पोच आपल्याजवळ हवी. ती नसेल तर आजच स्पीड पोस्टाने पुन्हा अर्ज पाठवा आणि त्यात पूर्वीच्या अर्जाचा, तसेच मार्क्सकार्डे अडवल्याचा स्पष्ट उल्लेख करा. क्लार्कने तोंडी काय सांगितले, याला पुढे काहीच किंमत राहत नाही.

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या नियमांनुसार महाविद्यालयाच्या विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडे अर्ज करता येतो; समितीने शक्यतो १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यावयाचा असतो, आणि तो मान्य नसल्यास विद्यापीठाच्या लोकपालाकडे १५ दिवसांत अपील करता येते. कोल्हापूरच्या महाविद्यालयाने मूळ कागदपत्रांसाठी दिलेली मुदत त्याआधीच संपणार असेल, तर मार्क्सकार्डांपुरती उच्च न्यायालयाच्या धारवाड पीठात रिट याचिका करण्याबाबत वकिलाशी बोला. पैशांचा दावा स्वतंत्रपणे बेळगावच्या दिवाणी न्यायालयात तीन वर्षांच्या आत लावता येतो, म्हणून कागदपत्रे लवकर मिळावीत यासाठी फी सोडून दिल्याचे कोणतेही लेखी पत्र देऊ नका.