डिफॉल्ट जामिनातला ‘डिफॉल्ट’ कोणाचा?

एका वाचकाने विचारलं आहे : ‘यूएपीएच्या (बेकायदेशीर कृत्यं प्रतिबंधक कायद्याच्या) एका खटल्यात आरोपीला डिफॉल्ट जामीन मिळाल्याचं वाचलं. दुसऱ्या बातमीत त्यालाच “आपोआप मिळणारा जामीन” म्हटलं होतं. यूएपीए, मकोका (महाराष्ट्राचा संघटित गुन्हेगारीविरोधी कायदा) अशा कायद्यांत जामीन मिळतच नाही असं ऐकत आलो आहे. मग तो आपोआप कसा मिळाला? आणि या जामिनाला मराठीत काय म्हणावं?’

घोटाळा शब्दातच आहे, म्हणून आधी शब्दाकडे बघू. डिफॉल्ट हा शब्द आपल्याकडे वेगवेगळ्या दारांनी आला. बँकेच्या दाराने आला तेव्हा त्याचा अर्थ होता हप्ते थकवणं. मोबाइल आणि संगणकाच्या दाराने आला तो निराळाच अर्थ घेऊन : आपण काही निवडलं नाही तर यंत्र स्वतःहून जे धरून चालतं, ते डिफॉल्ट. आज हाच अर्थ सगळ्यांच्या तोंडी आहे आणि ‘आपोआप मिळणारा जामीन’ हे भाषांतर त्यातूनच निघालं. कोर्टातला डिफॉल्ट मात्र बँकेतल्या डिफॉल्टचा सख्खा भाऊ आहे. नेमून दिलेलं काम नेमल्या वेळेत न करणं, असा तो अर्थ. त्याला आपल्याकडे चांगला शब्द आहे : कसूर. ‘कामात कसूर केली म्हणून नोटीस’ हे वाक्य सरकारी नोकरी केलेल्या कोणालाही समजावून सांगावं लागत नाही.

मग कसूर कोणाची? आरोपीची नव्हे, तपास यंत्रणेची. ठरलेल्या मुदतीत तपास पुरा करून तिने आरोपपत्र दाखल करायचं असतं. ते झालं नाही तर आरोपीला आणखी कोठडीत ठेवण्याचा अधिकार संपतो आणि त्याला जामिनाचा हक्क मिळतो. गुन्हा किती गंभीर, पुरावा किती भक्कम, याचा तिथे विचारच होत नाही. कॅलेंडर आणि आरोपपत्र, एवढंच बघायचं. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६७(२) मध्ये ही तरतूद होती. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७(३) मध्ये आहे. मुदत गुन्ह्याप्रमाणे ६० किंवा ९० दिवसांची. ‘डिफॉल्ट जामीन’ हा शब्दप्रयोग त्या कलमात नाही. तो वकिलांच्या आणि न्यायाधीशांच्या भाषेतून आला.

कलमात काय आहे ते मात्र फार बोलकं आहे. मुदत संपल्यावर आरोपी ‘जामीन देण्यास तयार असेल व जामीन देईल तर’ त्याची सुटका केली जाईल, असा त्याचा आशय. जामीन देणारा कोण आहे बघा. आज आपण ‘कोर्टाने जामीन दिला’ म्हणतो, म्हणजे देणारं कोर्ट आणि घेणारा आरोपी. कायद्याच्या वाक्यात देणारा आरोपी आहे. यात चूक कोणाचीच नाही, शब्दाने कूस बदलली आहे. जामीन हा मूळ अरबी शब्द माणसाला लागतो. जामीन म्हणजे दुसऱ्यासाठी हमी घेणारा. ‘मी त्याला जामीन राहिलो’ या वाक्यात तो जुना अर्थ अजून जिवंत आहे. जुन्या दफ्तरी मराठीत हाजीरजामीन होता, मालजामीन होता : एक माणसाच्या हजेरीची हमी घेणारा, दुसरा पैशाची. जामीन राहणाऱ्याने लिहून द्यायचा तो जामीनकतबा. पुढे हमीमुळे जी सुटका होते तिलाच जामीन म्हणू लागलो, आणि हमी घेणाऱ्या माणसासाठी मागे ‘दार’ जोडून जामीनदार असा शब्द वापरात आला.

हा उलगडा नुसत्या हौसेपोटी करत नाही. ‘मिळणे’ या क्रियापदात आरोपी हातावर हात ठेवून बसलेला असतो. कायद्याच्या ‘देणे’मध्ये त्याने उठायचं असतं, अर्ज करायचा असतो, जामीनदार आणि कागद उभे करायचे असतात. ‘आपोआप’ हा शब्द नेमकं हेच पुसून टाकतो.

माझ्या माहितीतल्या एका कुटुंबाने हे सोसलं आहे. मुलगा आत होता. कोणीतरी सांगितलं होतं, ‘नव्वद दिवसांनी आपोआप सुटतो.’ एक्याण्णवाव्या दिवशी आई आणि मामा कपड्यांची पिशवी घेऊन कारागृहाच्या दारात उभे राहिले. अर्ज कोणीच केला नव्हता. ते वकील शोधत होते तेवढ्यात त्र्याण्णवाव्या दिवशी आरोपपत्र दाखल झालं आणि तो हक्क गेला. तेव्हापासून बातमीत ‘आपोआप’ दिसलं की मला ती पिशवी आठवते.

हक्क गेला तो कसा? १९९४ साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने संजय दत्त प्रकरणात, म्हणजे टाडा या जुन्या दहशतवादविरोधी कायद्याच्या खटल्यात, सांगितलं की हा हक्क आरोपपत्र दाखल होईपर्यंतच बजावता येतो. आधी बजावला नसेल तर नंतर उरत नाही. मग ‘बजावला’ म्हणजे नक्की काय, यावर पुढची सात वर्षं खल झाला. अर्ज केला म्हणजे बजावला, की प्रत्यक्ष सुटका झाली म्हणजे बजावला? कोर्टाने अर्जावर निर्णयच लांबवला आणि मधल्या काळात आरोपपत्र आलं तर? २००१ मध्ये उदय मोहनलाल आचार्य विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात दोन विरुद्ध एक अशा बहुमताने उत्तर आलं : आरोपीने अर्ज केला आणि जामीन देण्याची तयारी दाखवली की त्याने हक्क बजावला. नंतर आलेल्या आरोपपत्राने तो जात नाही. ‘मतदानाचा हक्क बजावला’ असं आपण म्हणतो, ते मत टाकल्यावर. निकाल लागेपर्यंत थांबत नाही. मला हा निकाल मराठीच्या वळणाचा वाटतो.

या हक्काला निकालपत्रांत जे विशेषण लावतात त्याचं भाषांतर वर्तमानपत्रं ‘अबाधित हक्क’ असं करतात. अर्ज करेपर्यंत हे विशेषण त्याला शोभत नाही. अर्ज केल्यानंतर शोभतं.

आता विशेष कायदे. ‘जामीन मिळतच नाही’ हे ऐकीव वाक्य कुठून आलं ते समजण्यासाठी कायद्यांतली दोन वाक्यं शेजारी ठेवावी लागतात. मकोकाचं कलम २१ घ्या. त्याच्या चौथ्या पोटकलमाची सुरुवात ‘संहितेमध्ये काहीही अंतर्भूत असले तरी’ अशा थाटाची आहे. सरकारी मराठीत हे शब्द आले की ओळखावं, इथे विशेष कायदा सर्वसाधारण कायद्याच्या छातीवर बसला आहे. आरोपी दोषी नाही असं मानायला वाजवी कारणं आहेत आणि जामिनावर असताना तो गुन्हा करण्याची शक्यता नाही, याबद्दल न्यायालयाचं समाधान झालं तरच जामीन, असं ते पोटकलम म्हणतं. पण त्याच कलमाचं दुसरं पोटकलम वेगळ्या भाषेत बोलतं : कलम १६७ ‘पुढील फेरफारांसह लागू होईल.’ फेरफार म्हणजे मुदतीचा. ६० च्या जागी ९० दिवस, आणि सरकारी वकिलाच्या अहवालावरून विशेष न्यायालय ती १८० पर्यंत नेऊ शकतं. यूएपीएच्या कलम ४३-डी मध्येही हीच जोडी दिसते. ते कलम मुंबईवरच्या हल्ल्यानंतर डिसेंबर २००८ मध्ये घातलं गेलं. त्याच्या पाचव्या पोटकलमात ‘काहीही असले तरी’, दुसऱ्यात ‘फेरफारांसह’.

या दोन शब्दप्रयोगांत जमीनअस्मानाचा फरक आहे. ‘काहीही असले तरी’ जुना नियम बाजूला सारतं. ‘फेरफारांसह’ जुना नियम घरात ठेवतं, फक्त त्याचे कपडे बदलतं. म्हणून गुणदोषांवर मागायचा जामीन या कायद्यांत फार अवघड, पण मुदतचुकीचा जामीन शाबूत. टाडाच्या काळातच, १९९४ च्या हितेंद्र विष्णु ठाकूर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात, सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की कडक अटी मुदत चुकल्यावरच्या जामिनाला लागू नाहीत. १९९५ मध्ये अमली पदार्थांच्या कायद्याबाबतही तसंच ठरलं. त्या कायद्यात व्यापारी प्रमाणातला माल सापडला तर मुदत मुळातच १८० दिवस, आणि ती वर्षापर्यंत वाढू शकते. वर्षभर आरोपपत्राविना कोठडी! ही तरतूद मला आजही पचत नाही.

मुदतवाढ हाही ‘आपोआप’ मिळणारा प्रकार नव्हे. हितेंद्र ठाकूर निकालातच सांगितलं आहे की सरकारी वकील म्हणजे पोलिसांचा कागद पुढे ढकलणारं टपाल कार्यालय नव्हे. तपास कुठवर आला आणि आरोपीला आणखी कोठडीत ठेवण्याची नेमकी कारणं काय, हे त्याने स्वतः विचार करून लिहायचं असतं. २०२२ मध्ये गुजरातमधल्या जिगर ऊर्फ जिमी अडाटिया खटल्यात आणखी भर पडली : मुदतवाढीच्या अर्जावर विचार होताना आरोपीला हजर करायला हवं आणि अर्ज होत असल्याचं सांगायला हवं.

ती मुदतवाढ कोणी द्यायची यावर महाराष्ट्रातलंच एक ठळक उदाहरण आहे. एल्गार परिषद–भीमा कोरेगाव प्रकरणात पुण्याच्या अतिरिक्त सत्र न्यायाधीशांनी तपासाला ९० दिवसांची वाढ दिली होती. १ डिसेंबर २०२१ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ठरवलं की तो अधिकार त्यांना नव्हता, एनआयए (राष्ट्रीय तपास यंत्रणा) अधिनियमाखालच्या विशेष न्यायालयाला होता. त्यामुळे सुधा भारद्वाज यांना हा जामीन मंजूर झाला. त्याच निकालात आठ सहआरोपींची मागणी मात्र फेटाळली गेली, कारण आरोपपत्र येण्यापूर्वी त्यांनी या हक्काचा अर्ज केलेला नव्हता. प्रकरण एक, कायदा एक, निकाल एकच. फरक पडला वेळेवर केलेल्या अर्जाने.

दिवस मोजण्याबद्दलही सांगायला हवं, कारण तिथे आपली बोली कायद्याच्या आधी पोचली आहे. मोजणी अटकेपासून नाही, दंडाधिकाऱ्यांनी पहिल्यांदा कोठडी दिली त्या दिवसापासून. पण तो दिवस धरायचा की सोडायचा? २०२० मध्ये कपिल वाधवान प्रकरणात १४ मे रोजी कोठडी सुरू झाली आणि १३ जुलैला आरोपपत्र आलं. पहिला दिवस धरला तर तो एकसष्टावा, सोडला तर साठावा. एका दिवसावर सगळं अडलं होतं. मार्च २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं : पहिला दिवस धरायचा. बारसं करणारी आणि तेरावा घालणारी माणसं पहिल्यापासून असंच मोजतात, जन्माचा किंवा मृत्यूचा दिवस धरून.

आता नाव. ‘वैधानिक जामीन’ चुकीचा नाही, पण कायद्याने मिळणारा प्रत्येकच जामीन वैधानिक, मग वेगळेपण काय कळणार? ‘अनिवार्य जामीन’ बरा आहे, तरी अर्जाची गरज तोही लपवतो. ‘कसूर जामीन’ शब्दाला धरून आहे, पण पटकन ऐकलं तर कसूर आरोपीची वाटते. माझी पसंती ‘मुदतचुकीचा जामीन’ या शब्दाला. यात मुदत आहे, चूक आहे, आणि मुदत पाळायची कोणाकडे होती हे विचारायला जागाही आहे. ज्यांना ‘डिफॉल्ट जामीन’च लिहायचं आहे त्यांनी खुशाल लिहावं, तो शब्द आता रुळला आहे. विनंती एवढीच की पुढे ‘म्हणजे आपोआप मिळणारा’ असा खुलासा जोडू नये.

तुम्ही वाचलेली बातमी मी अशी लिहिली असती : ‘तपास यंत्रणेने मुदतीत आरोपपत्र दाखल न केल्याने आरोपीने मुदतचुकीच्या जामिनासाठी अर्ज केला. न्यायालयाने तो मंजूर केला.’